परवान्यावरचं नाव

इम्हा, आन्दोंग
थंडी ओसरताना

प्रिय मुसिलवाली,

आधी 'प्रिय बुनजो' असं लिहिलं होतं, मग खोडलं. तुला वाटलं असतं, बँकेचं पत्र आलं. मुसिलहून या घरात माझी धाकटी जाऊ म्हणून आलीस त्या दिवसापासून तुला माहेरच्या गावाने हाक मारतेय, आणि लेकाकडे देगूला राहायला गेलीस म्हणून काही तू देगूवाली होत नाहीस. गुडघा कसा आहे तुझा? तुमच्याकडे लिफ्ट आहे, जमिनीखालून ऊब येते, बटण दाबलं की गरम पाणी, असं तुझी सून सांगत होती. ऐकून बरं वाटलं असं लिहायची पद्धत आहे. मला काही बरं वाटलं नाही. मी इथे सकाळी चुलीत लाकडं कोंबते आणि तुझ्या नावाने बोटं मोडते.

कामाचं आधी सांगते, नाहीतर राहून जाईल. नदीकाठच्या शेताचा परवाना संपत आलाय. महिनाअखेरपर्यंत नवा अर्ज गेला नाही, तर यंदा भांग पेरता यायची नाही. आपल्या घराचा परवाना एकदा परत गेला की तो पुन्हा मिळवण्यात कुणाची तरी हयात जाईल. ग्युतेक दर रविवारी उल्सानहून फोन करतो आणि म्हणतो, "आई, पुरे झालं आता. परवाना देऊन टाकू, सफरचंदं लावू. सफरचंदावर कुणी पाळत ठेवत नाही." मी म्हणते, "तुझा बाप, तुझा आजा त्या भांगेच्या वाखावर, त्या वाखाच्या कापडावर वाढला." तो म्हणतो, "म्हणून तर सगळे पाठीत वाकलेले होते." माझ्याच पोटचा, काय बोलणार! पण मला ते शेत सफरचंदांना द्यायचं नाही. हे ध्यानात ठेवून पुढचं वाच, कारण पुढे मी तुझ्यावर बरंच तोंडसुख घेणार आहे.

तुझा फोटो पाहिला पेपरात. दुकानदारीणबाईनं मुद्दाम आणून दाखवला. तिला माहीत आहे मला कुठे दुखतं ते. देगूच्या कुठल्याशा दालनात तू गुडघा उघडा टाकून वाख वळत बसली आहेस आणि भोवती शहरातल्या बाया तोंडात बोटं घालून बघताहेत. खाली छापलंय, आन्दोंगच्या भांगेच्या कापडाचे शेवटचे हात. शेवटचे! आणि मग इथे ओसरीवर बसून मी काय टाळ्या वाजवते? तो पेपर मी खारवलेला बांगडा गुंडाळायला घेतला, मग बांगडा काढून पुन्हा पाहिला. फोटो चांगला आलाय. फोटोवाल्यालाही कळलं, तुझ्या तोंडाचा नाही, हातांचा फोटो काढायचा. मत्सर काय असतो ते मला कुणी शिकवायला नको, या घरात तू पाऊल टाकलंस तेव्हापासून तो माझ्या सोबतीला आहे. नवरा गेला, पोरं शहरांत गेली, तो काही गेला नाही.

तू आलीस तेव्हा मी थोरली म्हणून या घरात तीन वर्षं पुरती घासून निघाले होते. पितरांची ताटं मांडायला मी, पाहुण्यांची उस्तवार करायला मी, सासूबाईंच्या शिव्या खायला मी. तू आलीस ती हसत. पहिल्याच हिवाळ्यात बाया वाख वळायला आपल्या ओसरीवर जमल्या, आठवतं? सासूबाईंनी तुला नुसती बघायला बसवली होती. तू नखाने वाख चिरलास, टोक दातात धरून फाडलंस, दुसऱ्या धाग्याचं टोक त्यात घातलंस आणि गुडघ्यावर तळहाताने असा एकच हात फिरवलास. सासूबाईंनी तो धागा हातात घेतला, जोड शोधला, सापडला नाही. त्यांनी दिव्याजवळ नेला, तरी सापडला नाही. म्हणाल्या, "अगं बाई, कुणाची ग तू पोर?" मला या घरात येऊन तीन वर्षं झाली होती, मला त्यांनी हे कधी विचारलं नव्हतं. माझे जोड त्यांना आंधळ्यालाही सापडतील असे वाटायचे. त्या दिवशी मी स्वयंपाकघरात गेले आणि तुझ्या वाटीत आमटी कमी वाढली. तुला कळलंही नाही. तू ती पिऊन "जाऊबाई, काय झकास झालीय!" म्हणालीस. असा तुझा स्वभाव, भांडायलाही जागा ठेवत नाहीस.

आपल्या मामंजींची दोन पिकं होती, वर तंबाखू आणि खाली नदीकाठी भांग, आणि दोन्हींवर सरकारची नजर. तंबाखूवाले साहेब यायचे, झाडं मोजायचे, झाडावरची पानं मोजायचे. मामंजी आपल्याच शेतातलं एक पान आपल्या चिलमीत भरायचे तर दार लावून, कारण आपली तंबाखू आपण ओढली तर चोरी आणि सरकारनं विकलेली ओढली तर देशसेवा. मग राजधानीतल्या, सोलमधल्या, केस वाढवलेल्या पोरांना भांगेचा पाला ओढायची हुक्की आली आणि त्यापायी आपल्यावर नवा कायदा आला. मामंजींना तो काही केल्या उमगेना. ओसरीवर बसून म्हणायचे, "तंबाखूचं पान सरकारला हवं, देठ फेकायचा. भांगेचा देठ ठेवायचा, पान जाळायचं. आणि दोन्हीकडे उभा राहायला साहेब एकच! त्याचं तरी डोकं ठिकाणावर राहत असेल का?" तू हाताआड हसायचीस. हसणं तुझं, ऐकून घेणं माझं, कारण थोरलीनं सासऱ्यासमोर हसायचं नसतं.

परवाना लिहायला कारकून आला तो दिवस मी विसरणार नाही. मामंजी आपलं नाव सांगायला पुढे झाले तर सासूबाई आतून ओरडल्या, "भांग पेरतं कोण, सोलतं कोण? बाप्यांना वाख आणि केरसुणी यातला फरक कळतो का? बाईचं नाव घाला." कारकून हसला. म्हणाला, "कुठल्या बाईचं, आजी?" मला वाटलं, आता तुझं नाव घेणार. तू तिथेच परसात होतीस, भांडी घासत. सासूबाई दारात आल्या, परसाकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "थोरलीचं. तिला धरून ठेवता येतं." ते कौतुक होतं की काय होतं मला अजून कळलेलं नाही, पण नाव माझं लागलं. नंतर त्यांनी आपली मागाची फणी तुला दिली, आपल्या सासूकडून त्यांना आलेली. त्यांच्या हाताची कला तुला, सरकारचा कागद मला. मी रडले नाही. मी तो परवाना काचेच्या चौकटीत घालून भिंतीवर टांगला, तू रोज येता-जाता वाचावास म्हणून.

आणि त्या परवान्यासाठी लागणारा डॉक्टरचा दाखला! भांग पेरणारी बाई वेडी नाही आणि नशेबाज नाही असं डॉक्टरने लिहून द्यावं लागतं. पहिल्यांदा मी लाजेने मेले. मग मला त्याची गोडी लागली. परवाना नवा करायची वेळ आली की मी चांगले कपडे घालून तालुक्याला जायचे आणि परत आले की तुला ऐकू जाईल असं म्हणायचे, "ही नेआपवाली शहाणी आहे, सरकारदरबारी नोंद आहे. काही बायांबद्दल असं कुणी लिहून दिलेलं नाही." तू म्हणायचीस, "मला कशाला हवाय दाखला, तुमच्याशी इतकी वर्षं जमवून घेतलं, हाच माझ्या डोक्याचा पुरावा." सगळ्या बाया फिदीफिदी हसायच्या. त्यातही तूच जिंकायचीस. पण कागद माझ्याकडे असायचा. या घरात तुझ्याहून वरचढ असं माझ्याकडे एवढंच होतं, आणि ते मी जिवापाड जपलं.

सासूबाईंच्या अखेरच्या वस्त्राचं लिहू का? लिहितेच. तू समोर असतीस तर बोलता आलं नसतं. अधिक महिन्यात आपलं अखेरचं वस्त्र शिवून ठेवलं की आयुष्य वाढतं, म्हणून आदल्या हिवाळ्यातच त्यांनी सूत निवडायला घेतलं. त्या डोळे मिटून बसल्या. आपण दोघींनी आपापल्या सुताचे गुंडे पुढे ठेवले. मी त्या सुतासाठी ओठ फुटेस्तोवर वाख ओले केले होते, गुडघ्यावरची कातडी गेली होती. मला वाटलं, डोळे मिटले आहेत, आता तरी माणूस न बघता सूत बघतील. त्यांनी बोटांनी चाचपलं आणि तुझा गुंडा उचलला. म्हणाल्या, "हे अंगाला लागू दे." मग माझा चाचपला. म्हणाल्या, "हे थोरलीचं. हे दणकट आहे, बांधायला घ्या." तुझं सूत अंगाशी, माझं वरून आवळायला. मी "बरं" म्हटलं. मागून तू माझी समजूत घालायला आलीस, "अहो जाऊबाई, बांधलेलं सुटलं तर आतल्या वस्त्राचं काय होणार?" तू मनापासून बोललीस हे मला ठाऊक आहे. तेच जास्त झोंबलं. त्यांना खांदा दिला तेव्हा सगळं गाव रडत होतं. मी रडत होते ते वेगळ्या कारणाने, आणि ते मी आज तुला सांगितलं.

अगं हो, विचारायचं राहूनच गेलं, तुझा गुडघा कसा आहे?

आता इकडची खबर. नदीपलीकडे तो कारखाना झालाय ना, तिथे बंद खोल्यांत दिव्यांखाली भांग वाढवतात. त्यांना देठ नको, त्यांना पानं आणि फुलंच हवीत, औषधाला. सरकारची खास परवानगी. आपला पाला जाळायला साहेब येतो आणि त्यांचा पाला तिजोरीत ठेवायला साहेब येतो. मामंजी असते तर चिलीम विझेपर्यंत हसले असते. तिथल्या दारावरच्या पोराला मी म्हटलं, "तुमच्या भांगेला ऊन नाही, पाऊस नाही, मग वाख कसला निघणार?" तो म्हणाला, "आजी, आम्हाला वाख नकोच." मला त्या भांगेचा राग आला आणि हेवाही वाटला. बसल्या जागी खाणं-पिणं, दिवा, पंखा, आणि वर मान. अगदी कुणाकुणासारखी.

उन्हाळ्यात एक गंमत झाली, ती तुला ग्युतेकने सांगितली असेल तर त्यानं काय सांगितलं ते मला माहीत नाही. मी माझ्या तोंडाने सांगते. कापणी झाली, पाला झोडून झाला. पाला जाळायला कचेरीतून मेंग नावाची पोरगी यायची होती, चांगली आहे, दरवेळी माझ्याकडे जेवते. मी फार दमले होते. ऊन होतं. मी काय केलं, मामंजींचं ते तंबाखू सुकवायचं मातीचं घर, जे इतकी वर्षं रिकामं पडलंय, ते झाडलं. गवताची दोरी वळली. आणि त्या दोरीत पानं ओवून, एकाआड एक, उलटसुलट, सगळी वरच्या वाशांना टांगली. भांगेची पानं. आणि देठ बांधावर फेकून दिले. मेंग आली आणि दारात उभीच राहिली. म्हणाली, "आजी, हे कुणी केलं?" मी म्हटलं, "मीच. तंबाखूवाले साहेब येतील ना आता मोजायला. तुम्ही त्यांच्याच कचेरीतल्या का?" तिने वर टांगलेल्या दोऱ्या पाहिल्या. मग म्हणाली, "आजी, आज ना साहेब येणार नाहीत. मी आलेय. आपण हे उतरवू या का?" तिने बूट काढले, शिडीवर चढली आणि एकेक दोरी उतरवायला लागली. मी खालून ओरडत होते, "अगं हळू, पान फाटलं तर प्रत घसरते!" अर्ध्या दोऱ्या खाली आल्यावर मला वास आला. तंबाखूचा वास असा नसतो. मी तिथेच मातीत बसले. मेंगने सगळं जाळलं, देठ बांधावरून गोळा करून आणले, अंगणात रचून ठेवले. जेवली नाही त्या दिवशी. जाताना म्हणाली, "आजी, दोऱ्या फार छान ओवल्या होत्या हो तुम्ही." कुणा दुसऱ्याच्या वाशांवर तो पाला सापडला असता तर बेड्या पडल्या असत्या. मी ग्युतेकला सांगितलं, ऊन लागलं. तुलाही आधी तेच लिहिणार होते.

हे पत्र मी एका बैठकीत लिहिलेलं नाही. सकाळी उठून पहिल्यापासून वाचते, मग पुढे लिहिते, कारण काल कुठवर आले होते ते ध्यानात राहत नाही. आत्ता वाचताना दिसलं, तुझ्या गुडघ्याचं मी दोनदा विचारलंय. खोडणार होते, म्हटलं असू दे, दोन गुडघे आहेत.

दाखल्यासाठी मी डॉक्टरकडे जाऊन आले, मुसिलवाली. चांगले कपडे घालून गेले, नेहमीसारखी. हे नवे डॉक्टर आहेत, पोरगेलेसे. त्यांनी विचारलं, सकाळी काय खाल्लंत, कुठल्या बसने आलात, हा महिना कुठला. मी इकडेतिकडे बघितलं. मग त्यांनी विचारलं, घरी कोणकोण असतं. मी सांगितलं, नवरा, सासूबाई, आणि माझी धाकटी जाऊ, आत्ता ओसरीवर वाख वळत बसली असेल, माझ्या जागेवर. त्यांनी लेखणी खाली ठेवली. फार हळू आवाजात बोलले, पण दाखला काही दिला नाही. म्हणाले, "आजी, माझ्या हातून हे लिहिलं जाणार नाही." इतकी वर्षं ज्या कागदाने तुला चिडवलं, तो आता मला मिळत नाही. येताना बसमध्ये मला एकच वाटत होतं, हे तुला कळलं तर! आणि घरी आल्यावर कळलं, हे तुलाच कळवायला हवं, दुसरं कुणी नाहीच.

तर ऐक. तू ये. देगूच्या डॉक्टरकडून दाखला घे, तुझं डोकं शाबूत आहे हे मला माहीत आहे, मेलीच्या कशालाच काही होत नाही. अर्ज तुझ्या नावाने कर. मेंगला मी सांगून ठेवलंय, ती सगळं करून देईल. काचेच्या चौकटीतून माझा परवाना काढून तुझा घालू. माझं एकटीचं म्हणून या घरात हे एवढंच राहिलं होतं, तेही तुला जातंय, आणि मला ते मुळीच आवडत नाही हे स्पष्ट लिहून ठेवते. पण सफरचंदांना द्यायचं की तुला, असं झालं तर तुला. डॉक्टर म्हणाले, नवं आधी पुसलं जातं, जुनं मागाहून, आणि माणसं कधीकधी अगदी शेवटी. म्हणून घाई करतेय, पेरणीची आणि माझीही. तू येशील तेव्हा कदाचित मी विचारीन, ही बाई कोण. तू रागावू नकोस, मनालाही लावून घेऊ नकोस. माझ्या शेजारी बस, गुडघा उघडा टाक आणि वाख वळायला लाग. जोड नसलेला तो धागा काढ आणि माझ्या तोंडाकडे बघ. माझं तोंड आंबट झालं, मी पाठ फिरवली, आणि जेवताना तुझ्या वाटीत आमटी कमी पडली, तर समज, मी तुला ओळखलं.

तुझीच, तुझ्यावर जळणारी
थोरली, नेआपवाली